मधुभाऊंचे रातवे

गावात कोणी ओरडलं, "वाघ आला रे," तर माणूस काय करतो? दार लावतो. आमच्या शेजारचे मधुभाऊही लावतात. सगळ्या गावाच्या आधी लावतात. आतून कडी, कडीला सायकलची जुनी चेन, चेनला कुलूप. आणि एवढं सगळं झालं की खिडकीच्या फटीला तोंड लावून विचारतात, "कोणता?"

आता यावर काय सांगावं माणसानं? पळणाऱ्यानं वाघाला नावगाव विचारलेलं नसतं. एकदा आमच्या गल्लीतल्या चंद्रकलानं पळता पळताच उत्तर दिलं, "तुमच्याच ओळखीचा दिसून राह्यला, काका. घ्या घरात, चहा पाजा." पण मधुभाऊंना टोमणा कधी लागत नाही. ते फटीतून शांतपणे म्हणाले, "तसं नाई. नाल्यावाला का टेकडीवाला, तेवढं सांग. भ्यायले बरं पडते."

हे 'कोणता' मधुभाऊंच्या तोंडात आजचं नाही. ते कुठून आलं, हे आधी सांगते, म्हणजे पुढचं कळेल.

आमचं गाव राळेगाव तालुक्यातलं. एका बाजूला डांबरी रस्ता, दुसऱ्या बाजूला वावरं, आणि वावरं संपली की जंगल. मी लग्न होऊन आले तेव्हा मधुभाऊंचं सायकलचं दुकान नुकतंच लागलं होतं. पुढे पंक्चर पाहायचं पाण्याचं घमेलं, मागे सुतळीवर टांगलेली कॉमिक्स. भाड्यानं मिळायची. वाचायची तर तिथंच ओट्यावर बसून, आणि आधी घमेल्यात हात धुऊन. मी शाळेत तिसरीपर्यंत गेलेली. अक्षर लागायचं, वाक्य लागायचं नाही. वाक्य मला त्या कॉमिक्सनी लावून दिलं. चित्रातला माणूस कड्यावरून पडताना दिसला की त्याच्या तोंडासमोरच्या फुग्यात 'वाचवा' लिहिलंय हे कोणी शिकवावं लागत नाही.

त्या सुतळीवर रातवा होता. रातवा हा खरा तर पक्षी. सांजवेळी रस्त्यावर मातीच्या रंगाचा होऊन बसतो, दिसत नाही, आणि अगदी पायाशी गेलं की फडफडून उठतो. काळजात धस्स होतं. कॉमिक्समधला रातवा मात्र माणूस. तोंडावर राखाडी मुखवटा, त्याला मोठाले पिवळे डोळे. त्याचं खरं नाव कोणालाच माहीत नसायचं. चोर, पोलीस, पेपरवाले, सगळे त्याला रातवाच म्हणायचे. मी एक कॉमिक्स वाचलं, दोन वाचली, आणि मधुभाऊंना विचारलं, "कावं भाऊ, काल तं हा धरणावरून पडून मेलता. आज पुन्हा कसा उभा?"

त्यांनी हातातला पाना खाली ठेवला. मधुभाऊ बाईमाणसाशी बोलताना वर पाहत नाहीत, सायकलच्या चेनकडे पाहून बोलतात. चेनलाच विचारलं, "कोणता रातवा वाचला तुमी, वयनी?"

मग कळलं की रातवे तीन. पहिला न्यायाधीशाचा मुलगा. तो धरणावर मेला, आणि खराच मेला. दुसरा सर्कशीतला झोपाळेवाला. त्याचा पहिल्याशी काही संबंध नाही, पहिला होऊन गेला हेही त्याला माहीत नाही, कारण तो दुसऱ्याच कंपनीचा. त्या कंपनीला नाव आवडलं, त्यांनी उचललं. आणि तिसरी बाई. दवाखान्यात नर्स असते, मेलेल्या पहिल्याचा मुखवटा तिच्या हाती लागतो आणि एके दिवशी ती तो चढवते. नाव तेच. डोळे तेच.

"अन् शत्रूले हे कळत नाई, वयनी," मधुभाऊ चेनला म्हणाले. "त्याले वाटते एकच हाय. मारलं तरी उभाच राहते. म्हणून तो भेते. ताकद नावात हाय, माणसात नाई. माणूस तं मरते."

या गोष्टीनं त्यांच्या डोक्यात जे घर केलं ते आजवर. गावातल्या सारख्या नावाच्या माणसांना त्यांनी नंबर दिले. सुनीता पयली, सुनीता दुसरी. गजानन पयला, गजानन दुसरा, गजानन किराणावाला म्हणजे तिसरा. लोक हसायचे. पण एकदा बातमी आली, "प्रल्हाद गेला." सगळ्यांनी कपाळाला हात लावला, बाया पदर डोळ्याला लावून निघाल्या, आणि एकटे मधुभाऊ दुकानातून ओरडत राहिले, "कोणता? अवं, कोणता?" कोणी थांबलं नाही. ज्या प्रल्हादच्या ओट्यावर बसून बायांनी सूर लावला तो प्रल्हाद आतून दात घासत बाहेर आला. त्या दिवसापासून लोक हसतात, पण मयतीला निघण्याआधी मधुभाऊंच्या दुकानावरून जातात.

लग्न त्यांनी केलं नाही. आई होती तोवर आई, नंतर ते आणि कॉमिक्सची लोखंडी पेटी. आणि भीती. भीतीचं काय सांगू. पालीला भितात. अनोळखी नंबरवरून फोन आला तर फोन उशीखाली ठेवतात. दिवस बुडायला आला की सायकलची सुटी घंटी खिशात घेऊन मगच नळावर पाणी भरायला येतात, आणि चार पावलं चालले की खिशातल्या खिशात टिंगटिंग करतात. का, तर समोर काही असलंच तर त्याला कळावं की माणूस येतो आहे, आणि त्यानं बाजूला व्हावं. इतक्या वर्षांत सांज झाल्यावर हा माणूस वावराकडे जाणाऱ्या पांदणीपलीकडे गेलेला मी पाहिला नव्हता.

हे सगळं गमतीचं होतं, यंदाची कापसाची वेचणी लागेपर्यंत.

यंदा दिवाळीच्या आधीच जंगलाकडच्या अंगाला एक गोऱ्हा मारलेला सापडला. मग नाल्याच्या ओल्या रेतीत पाऊल उमटलेलं दिसलं. माझ्या हाताचा पंजा त्यात ठेवला तर कडेला जागा उरली. मग पलीकडच्या गावात वेचायला गेलेल्या एका बाईला वाघानं ओढलं, आणि गाव बदललं. मोबाईलवर रोज नवा वाघ यायचा. कुठल्या मुलखातला व्हिडिओ, पण खाली लिहिलेलं आपल्या नाल्याचं नाव. रात्री कुत्रं भुंकलं तरी सगळी गल्ली जागी, आणि कुत्रं भुंकेनासं झालं तर जास्तच जागी.

माझा मुलगा ट्रकवर असतो, पंधरा-पंधरा दिवस येत नाही. सून वनिता वेचायला जाते. मी तिला म्हटलं, यंदा राहू दे. ती म्हणाली, "आत्याबाई, बोंडं फुटले. ते काय वाघाची वाट पाहतीन?" खरंच होतं. पऱ्हाटी पांढरी झाली की वेचावीच लागते, नाहीतर कापूस वाऱ्यानं लोंबतो आणि मातीत जातो. सगळ्याच बाया जात होत्या. मी सकाळी तिला पाठवायची, आणि सांजपर्यंत ओट्यावर बसून हातातलं काम पुन्हा पुन्हा करायची. निवडलेले तांदूळ पुन्हा निवडायची.

वनखात्याची माणसं गावात येऊन सांगून गेली. घोळक्यानं जा, बोलत राहा, वाकून काम करताना एकीनं उभं राहा. वाघ पाठीमागून येतो, आणि रांगेतला शेवटचा माणूस धरतो. कुठंकुठं लोक डोक्याच्या मागच्या बाजूला मुखवटा बांधतात, म्हणजे वाघाला वाटतं माणूस आपल्याकडेच पाहतो आहे, आणि तो झडप घालायला कचरतो. एवढं बोलून ते गेले. बायांनी ऐकलं आणि सोडलं. मधुभाऊंनी ऐकलं आणि दुकान बंद केलं.

कडी आतून. दोन-तीन दिवस फक्त खळ शिजल्याचा वास. चौथ्या दिवशी सकाळी बाया पांदणीकडे निघाल्या तर हा माणूस दारात उभा, हातात सुतळीला टांगलेले रातवे. माठाच्या पोटावर कॉमिक्सचे कागद खळीनं थरावर थर चिकटवून, वाळवून, वरून सायकलचा राखाडी रंग मारलेला. मोठाले पिवळे डोळे. बांधायला ट्यूब कापून केलेला रबराचा पट्टा. सगळे एकसारखे.

"हे मागून बांधा," त्यांनी सुतळीला सांगितलं.

चंद्रकलानं एक उचलला, उलटा सुलटा केला. "काका, माह्या नवऱ्यानं हे पाह्यलं तं वाघाच्या आधी तोच पळून जाईन."

"जाऊ दे. तो कोणता मोठा उपयोगाचा हाय," मागून कोणीतरी म्हणालं आणि सगळ्या हसल्या. पण बांधले. हसत हसत, पदर नीट करत, सगळ्यांनी बांधले. वनितानंही. भीती असली की माणूस काहीही बांधून घेतो.

मधुभाऊंनी आणखी एक नियम सांगितला. वावरात एकमेकींचं खरं नाव घ्यायचं नाही. सगळ्यांचं नाव रातवा. "त्याले कळलं नाई पायजे कोण कुठी हाय अन् किती हायत. एकीकडून आवाज दिला तं चहूकडून ओ आली पायजे. त्याले वाटन, हे एकच हाय अन् सगळीकडं हाय."

"वाघ कॉमिक वाचते काय, भाऊ?" मी विचारलं.

"वाचत नाई म्हणूनच, वयनी. वाचलं असतं तं त्याले कळलं असतं."

पण सांगते, बायांना हा खेळ लागला. "ए रातवा, पाणी दे वं," म्हटलं की चारी बाजूंनी "ओ." दुपारी झाडाखाली भाकरी सोडली की मुखवटे काढून आतून वाचायच्या, कारण आतल्या बाजूला कॉमिक्सची पानं जशीच्या तशी होती. एकीच्या मुखवट्यात विमान पेटायचं आणि त्याचं पुढचं पान दुसरीच्या मुखवट्यात असायचं. त्यावरून अदलाबदल, त्यावरून भांडणं. वनिता सांजच्याला येऊन मला ती गोष्ट तुकड्या-तुकड्यांनी सांगायची, आणि मला हसू यायचं. महिनाभरात पहिल्यांदा.

मग एक दिवस मधुभाऊंनी उरलेले मुखवटे चंद्रकलाजवळ दिले. जंगलाच्या बाजूच्या धुऱ्यावर, म्हणजे वावराच्या बांधावर, बांबू रोवा, त्यांना जुनी लुगडी गुंडाळा, वर पुढून-मागून मुखवटे बांधा. वाघाला आणखी बाया दिसतील. ते स्वतः काही गेले नाहीत, जंगलाची बाजू होती ना. चंद्रकलानं सांगितल्याप्रमाणे सगळं केलं.

त्या दिवशी सांजच्याला मी ओट्यावर होते. बाया आल्या. गाठोडी डोक्यावर, बोलत, खोकत. एक गेली, दुसरी गेली, सगळ्या आपापल्या घराकडे वळल्या. वनिता नाही.

"चंद्रकले, वनिता कुठी वं?"

"येऊन राह्यली मागं. मी आवाज देल्ला न निघताना, 'रातवा, चला.' सगळ्यायनं ओ देल्ली."

"तिनं देल्ली?"

"आता सगळ्याच रातवा. पण मी वळून पाह्यलं, काकू. धुऱ्यावर उभी होती. मुखवटा दिसला मले."

मधुभाऊ तेव्हा दुकानाच्या फळ्या लावत होते. हातातली फळी तशीच धरून त्यांनी विचारलं, "कोणती पाह्यली?"

चंद्रकलानं डोक्यावरचं गाठोडं खाली टाकलं. धुऱ्यावर उभे होते ते बांबू होते. वनिता कुठं होती हे कोणालाच माहीत नव्हतं. सूर्य टेकला होता. वावर दूर. फोन लावला तर तो घरातच वाजला, चुलीजवळच्या फळीवर.

माणसं जमली. कोणी ट्रॅक्टरची चावी शोधायला धावलं, कोणी बॅटऱ्या, कोणी फटाके. जो तो ओरडत होता आणि त्या ओरडण्यात वेळ जात होता. मी मधुभाऊंकडे पाहिलं. चेहरा राखेसारखा. मला वाटलं आता हे आत जाणार आणि चेन लावणार. फळी त्यांनी भिंतीला टेकवली. दुरुस्तीला आलेली कोणाची तरी सायकल होती, ती घेतली आणि पांदणीकडे निघाले. नीट बसताही येत नव्हतं, दोनदा पाय घसरला. पांदणीच्या तोंडाशी थांबले. मला वाटलं परत फिरतील. मग घंटी वाजली आणि ते दिसेनासे झाले.

मी पांदणीच्या तोंडाशी जाऊन उभी राहिले. घंटी ऐकू येत होती. टिंगटिंग, टिंगटिंग, सारखी, थांबत नव्हती. हळूहळू बारीक होत गेली. अंधार खालून वर चढतो तसा पऱ्हाटीत चढला. मग घंटी थांबली. रातकिडेही त्या वेळी का गप्प होते कोण जाणे. ट्रॅक्टर मागून आला, माणसांनी भरलेला, मला कोणीतरी बाजूला केलं, आणि तो निघून गेल्यावर मी पुन्हा कान दिला. काही नाही. मनात काय काय आलं ते मी लिहीत नाही.

ट्रॅक्टर परतला तेव्हा त्यावर वनिता होती. उभी. धड. मी तिला खाली उतरवून हातपाय चाचपले, आणि मग तिला रडू आलं.

तिनं सांगितलं ते असं. ती वरच्या तासात, म्हणजे पऱ्हाटीच्या ओळीत, एकटी मागे पडली होती. बांबूंचं तिला कोणी सांगितलं नव्हतं, आणि चंद्रकलाची हाक तिथवर आली नव्हती. पण वर पाहिलं की धुऱ्यावर रातवे दिसत होते, म्हणून निर्धास्त होती. बाया आहेत, आपण हे तास संपवू. उजेड कमी झाला तशी ती म्हणाली, "रातवा, चालता काय?" कोणी ओ दिली नाही. पुन्हा आवाज दिला. कोणी हललं नाही. नुसती लुगडी वाऱ्यानं हलत होती. जवळ गेली तेव्हा लुगड्यात बांबू दिसला. आणि त्याच वेळी पलीकडच्या झुडपात काहीतरी थांबलं. "चाललं नाई, आत्याबाई. थांबलं. चालत होतं ते मले आधी कळलंच नव्हतं, थांबल्यावर कळलं."

ती पळाली नाही. पळालं तर धरेल हे तिला माहीत होतं. ती त्या बांबूंच्या मध्ये जाऊन उभी राहिली. पदर सोडला, हात खाली, जंगलाकडे पाठ, डोक्यामागे मुखवटा. बांबूसारखी. किती वेळ ते तिला सांगता येईना.

मग घंटी आली. आणि घंटीच्या वर मधुभाऊंचा आवाज, फाटलेला. "वनिता. वनिता बाई. वनिता." रातवा नाही, तिचं नाव. "वावरात इतक्या दिसात माहं नाव कोणी घेतलं नव्हतं, आत्याबाई. मले पयले समजलंच नाई का मलेच बोलावून राह्यले." ते सायकल ढकलत आले तेव्हा त्यांचे डोळे घट्ट मिटलेले होते. चाकोरीत चाक होतं म्हणून नीट आले. डोळे मिटूनच विचारलं, "वनिताच न?" ती म्हणाली, "हो काका." मग उघडले. दोघं एकमेकांना धरून वाटेला लागली, घंटी वाजवायला त्यांचा हात मोकळा नव्हता, आणि पुढे ट्रॅक्टर भेटला.

मधुभाऊ ट्रॅक्टरवरून उतरले आणि कोणाशी न बोलता घरात गेले. चेनचा आवाज आला.

सकाळी माणसं बघायला गेली. बांबूंच्या भोवती ओल्या मातीत पावलं होती. आली होती, भोवती फिरली होती, परत गेली होती. मुखवट्यांना भिऊन गेली, का घंटीला, का ट्रॅक्टरला, कोण सांगणार. गावात दोन तट पडले. पण बायांचा राग एकच होता. चंद्रकलानं सगळ्यांचे मुखवटे गोळा केले आणि मधुभाऊंच्या ओट्यावर आणून टाकले. "काका, तुमच्या रातव्यानं वाघ नाई फसला. आमीच फसलो. पोरगी गेली असती काल." मधुभाऊ दारात उभे होते. खाली पाहून म्हणाले, "हो." एवढंच.

चंद्रकला गेल्यावर तेवढ्यापुरतं मलाही तिचं बरोबर वाटलं. खोटं कायला सांगू. मी त्यांच्याशी दोन दिवस बोलले नाही. बाया तशाच जात राहिल्या, मुखवट्याविना, एकमेकींचं नाव घेत, आणि कापूस अजून अर्धा उभा होता. वनिताही जात होती. तिच्या पाठीकडे पाहिलं की मला ती उघडी वाटायची.

तिसऱ्या दिवशी दुपारी मधुभाऊंनी हाक मारली. "वयनी, जरा येता काय?"

दुकानात खळीचा वास होता. लोखंडी पेटी उघडी, आणि रिकामी. मी आत पाहिलं, मग त्यांच्याकडे पाहिलं. पेटीत रातव्याचे अंक असायचे. ज्यांना हात लावायच्या आधी ते स्वतःचे हात दोनदा धुवायचे. ते सगळे फाडून त्यांनी माठावर चढवले होते. पहिला, दुसरा, तिसरी, सगळे आता आतल्या बाजूला होते. आणि बाहेरच्या बाजूला चेहरे.

रातव्याचे नाहीत. बायांचे. सुतळीवर ओळीनं टांगलेल्या आमच्या गल्लीतल्या बाया. सुनीता पहिली, भुवईत खाच. सुनीता दुसरी, गाल भाजलेला. वनिता, हनुवटीवर डाव्या बाजूला तीळ. तो तीळ इतका बारीक आहे की मुलगा लग्न ठरवून आला तेव्हा मला दिसलासुद्धा नव्हता. चंद्रकलाचे पुढचे दात. मी एकेकीसमोरून चालत गेले. इतकी वर्षं हा माणूस चेनकडे पाहून बोलतो. आम्हाला वाटायचं, याला आमच्यात आणि सायकलीत फरक दिसत नाही.

"आता चुकणार नाईत," ते म्हणाले. "लांबून बी कळन कोण हाय अन् कोण नाई. अन् बांबूले बांधायचा नाई कोणाचा. मी सांगतो तसं चंद्रकलाले."

"तुमचा कुठी हाय?"

"मी कुठी जातो वावरात?"

"त्या दिवशी गेलते."

त्यांनी फडक्याला हात पुसले. बराच वेळ पुसले. "उद्यापासून जातो म्हणतो. बाया पुढं, मी मागं. घंटी वाजवाले कोणी पायजे न." मग कोपऱ्यातून एक मुखवटा काढला. राखाडी, पिवळ्या डोळ्यांचा. "पण माहा जमत नाई, वयनी. काढाले बसतो अन् रातवाच होते."

"आरशात पाहून काढा."

"आरसा दाढीपुरता हाय. गालाएवढा. सगळा चेहरा कधी त्यात मावलाच नाई."

मी ओट्यावर बसले. म्हटलं, "घ्या नवा. मी सांगते तसं काढा."

त्यांनी कोरा मुखवटा मांडीवर घेतला. मी सांगत गेले आणि ते काढत गेले. कपाळ रुंद. मध्ये एक आडवी आठी, नाही, अजून खोल. नाक बसकं, टोकाला जरा लाल. मिशी पांढरी, उजवीकडे विरळ. कान मोठे काढा.

ब्रश थांबला. "मोठे हायत?"

"लय."

"कोणी सांगतलं नाई कधी."

त्यांनी कान मोठे काढले. मग ब्रश पाण्यात धुतला, काळ्या रंगात बुडवला आणि प्रथमच मान वर करून माझ्याकडे पाहिलं. "अन् डोळे कसे हायत, वयनी?"

मी नीट पाहिले. खोटं सांगता आलं असतं.

"भेलेले," मी म्हटलं.

त्यांनी मान हलवली आणि तसेच काढले.

दुसऱ्या दिवशी सकाळी बाया ओट्यावर आल्या. चंद्रकलानं आपला चेहरा हातात घेतला आणि विचारलं, "माहे दात एवढे पुढं हायत काय?" सगळ्या म्हणाल्या, "हायत." तिनं तो उलटा धरून आतलं एक चित्र वाचलं, मग केस सारखे करून मुखवटा मागे बांधला. एकेकीनं बांधले.

मी पांदणीच्या तोंडापर्यंत सोबत गेले. पुढे गुडघे जात नाहीत. त्या निघाल्या, आणि तेव्हा मला दिसलं ते आधी कधी दिसलं नव्हतं. सगळ्या माझ्यापासून लांब चालल्या होत्या आणि सगळ्या माझ्याकडे पाहत होत्या. वनिता तिळासकट. सगळ्यात मागे मधुभाऊ, एक हात खिशात. शेवटच्या माणसाचं काय असतं ते त्यांनीही वनखात्याच्या माणसांकडून ऐकलं होतं, सगळ्यांसोबत.

वळणावर पऱ्हाटी उंच आहे. एकेक चेहरा तिच्यात शिरला. वनिताचा शिरला. शेवटी मोठ्या कानांचा एकच राहिला, भेलेले डोळे माझ्याकडे लावून. मी हात वर केला. मधुभाऊंना तो दिसणार नव्हता, ते पाठमोरे होते. तरी तो चेहरा दिसत होता तोवर मी हात खाली घेतला नाही.